एका दिवसात दिल्ली दर्शन: पहिल्यांदा जाणाऱ्यांसाठी

कुणाचं लग्न, मुलाची परीक्षा, ऑफिसचं काम, नाहीतर हरिद्वार-वैष्णोदेवीच्या वाटेवरचा मुक्काम. मराठी माणूस दिल्लीत बहुधा अशाच निमित्ताने उतरतो आणि हाताशी एखादा दिवस मोकळा राहतो. त्या एका दिवसासाठी गाइडसह बसची सहल हा चांगला पर्याय आहे. वाटा शोधायच्या नाहीत, पार्किंगची चिंता नाही, रिक्षावाल्यांशी घासाघीस नाही. फक्त तिच्याकडून काय मिळतं आणि काय मिळत नाही, हे पैसे भरण्याआधी समजून घ्यायला हवं. जाहिरातीत ठिकाणांची संख्या मोठ्या अक्षरात छापलेली असते. आपण मात्र प्रत्येक ठिकाणी किती वेळ उतरवणार, तेवढंच बघायचं.

हिशेब साधा आहे. सकाळी नऊला निघून संध्याकाळी सहाला परत म्हणजे नऊ तास. कुतुबमिनार शहराच्या दक्षिणेला, लाल किल्ला उत्तरेला. दिल्लीची रहदारी धरून दिवसातले तीनेक तास बसमध्येच जातात. जेवणाचा एक तास, दुकानात थांबण्याचा आणि माणसं गोळा करण्याचा मिळून आणखी एक. उरले चार तास. जाहिरातीत आठ ठिकाणं असतील तर वाट्याला अर्धा-अर्धा तास आला, आणि त्यातली पंधरा मिनिटं तिकीट नि सुरक्षा तपासणीच्या रांगेत गेली. चार-पाचच ठिकाणं दाखवणारी सहल कागदावर गरीब दिसते, पण पाहून काहीतरी लक्षात राहतं ते तिच्यातच.

आधी वार बघा, मग तारीख

सोमवारी दिल्ली दर्शन करू नका. त्या दिवशी लाल किल्ला बंद, कमळ मंदिर बंद, अक्षरधाम बंद. राष्ट्रीय संग्रहालय, तीन मूर्तीचं प्रधानमंत्री संग्रहालय, गांधी स्मृती, इंदिरा गांधींचं स्मारक, सगळंच बंद. कुतुबमिनार आणि हुमायूँचा मकबरा तेवढे रोज उघडे असतात. बस मात्र सोमवारीही सुटते. 'लाल किल्ला बाहेरून दाखवू' असं सांगून तेवढंच भाडं घेतलं जातं. शुक्रवारी दुपारी नमाजाच्या वेळी जामा मशिदीत पर्यटकांना सोडत नाहीत, म्हणून जुनी दिल्ली दुपारी असेल तर शुक्रवारही टाळलेला बरा. शनिवार-रविवारी खुद्द दिल्लीकरच बाहेर पडतात आणि कमळ मंदिराची रांग रस्त्यावर येते. मंगळवार ते गुरुवार उत्तम.

ऋतूचं म्हणाल तर ऑक्टोबर आणि फेब्रुवारी ते मार्चचा मध्य हे दिवस सुखाचे. नोव्हेंबरात हवा धुरकट असते, दम्याच्या माणसाने तेव्हा जाऊच नये. डिसेंबरअखेर आणि जानेवारीत सकाळी दाट धुकं पडतं. इंडिया गेट शंभर पावलांवरून दिसत नाही आणि मुंबई-पुण्याहून येणाऱ्या गाड्या तासन्‌तास उशिरा पोचतात. त्या दिवसांत गाडी पहाटे पोचणार म्हणून त्याच दिवसाची सहल घेणं म्हणजे पैसे पाण्यात. मे-जूनमध्ये पारा ४५ अंशांपर्यंत जातो आणि ही सगळी ठिकाणं उघड्या दगडी अंगणांची आहेत.

दोन राष्ट्रीय सणांच्या आसपासचे दिवसही टाळा. २६ जानेवारीच्या आधी संचलनाच्या सरावासाठी कर्तव्य पथ आणि भोवतालचे रस्ते वरचेवर बंद होतात. १५ ऑगस्टच्या आधी लाल किल्ला बंदोबस्तासाठी पर्यटकांना बंद असतो आणि २६ जानेवारीच्या सुमारासही काही दिवस तसंच होतं.

सहल कुठून घ्यायची

दिल्ली सरकारच्या पर्यटन महामंडळाचं कार्यालय कॅनॉट प्लेसजवळ बाबा खडकसिंग मार्गावर आहे. केंद्रीय पर्यटन खात्याचं माहिती कार्यालय ८८, जनपथ इथे आहे; तिथे नकाशे आणि खरी माहिती मिळते. खासगी बसवाल्यांची बुकिंगं पहाडगंज आणि करोल बागेतल्या लॉजच्या काउंटरवर होतात, हॉटेलवालाही करून देतो. त्यात त्याचं कमिशन असतं, पण बस चुकली तर तो तुमच्यासाठी दोन फोन करतो, ही जमेची बाजू.

नवी दिल्ली स्टेशनच्या बाहेर, विशेषतः पहाडगंजच्या बाजूला, 'गव्हर्मेंट टूरिस्ट ऑफिस' अशा पाट्यांची दुकानं दिसतील. नावात गव्हर्मेंट आहे म्हणून ती सरकारी नाहीत. गोड बोलून कुणी सोबत चालायला लागला, 'वो ऑफिस तो बंद हो गया, मैं दूसरा दिखाता हूँ' म्हणाला, की 'नहीं चाहिए' म्हणून सरळ चालू लागायचं. त्याच्याशी वाद घालण्यात आपलाच वेळ जातो.

घरची चार-पाच माणसं असाल, त्यातही आजी-आजोबा किंवा लहान मूल असेल, तर बसऐवजी दिवसभराची टॅक्सी घ्या. 'आठ तास, ऐंशी किलोमीटर' असा तिचा ठरलेला हिशेब असतो, त्यावर जादा तास आणि जादा किलोमीटरचे पैसे वेगळे. बसच्या पाच तिकिटांशी ताडून पाहिलं तर फार फरक पडत नाही. गाइड मग प्रत्येक स्मारकाच्या दाराशी ठरवता येतो. परवानाधारक गाइडकडे पर्यटन खात्याचं फोटोचं ओळखपत्र असतं. ते दाखवायला सांगितलं की नुसतेच लगट करणारे आपोआप मागे सरतात. भाव आधी ठरवा, आणि तो माणशी की सगळ्यांचा मिळून, हेही तिथेच स्पष्ट करून घ्या.

एका दिवसात दिल्ली आणि आग्रा दोन्ही दाखवणारी सहल घेऊ नका. दिल्लीतली दोन ठिकाणं पळत बघून ताजमहालापुढे दमून उभं राहण्यात काही अर्थ नाही. शिवाय ताज शुक्रवारी बंद असतो.

पैसे देण्याआधी विचारायचं

बहुतेक बसच्या भाड्यात प्रवेश तिकिटं आणि जेवण धरलेलं नसतं, म्हणून पहिला प्रश्न 'एंट्री टिकट अलग है क्या?' हाच. पुरातत्त्व खात्याच्या मोठ्या स्मारकांना भारतीयांसाठी साधारण चाळीस-पन्नास रुपयांच्या आसपास तिकीट असतं, ऑनलाइन काढलं तर थोडं कमी, आणि पंधरा वर्षांखालच्या मुलांना नसतंच. परदेशी पारपत्रावरचे नातेवाईक सोबत असतील तर मात्र त्यांचं तिकीट कितीतरी पट जास्त पडतं, तेवढी तयारी ठेवा.

दुसरा प्रश्न जास्त महत्त्वाचा: यादीतल्या कोणत्या ठिकाणी खाली उतरवणार आणि कोणती बसमधून दाखवणार? राष्ट्रपती भवन, संसद आणि कर्तव्य पथ यादीत नेहमी असतात आणि बस त्यांच्या जवळून फक्त जाते. यात फसवणूक नाही, तिथे बस थांबवताच येत नाही. राष्ट्रपती भवन आतून पाहायचं असेल तर त्याच्या संकेतस्थळावर आधी वेळ घ्यावी लागते. बसच्या सहलीत ते बसत नाही.

मग गाइड दिवसभर सोबत असतो की फक्त बसमध्ये माईकवर बोलून दाराशी सोडून देतो, हे विचारा. स्वस्त सहलींत दुसरा प्रकार जास्त. भाषा हिंदी आणि इंग्रजी. मराठी गाइडची अपेक्षा ठेवू नका. खरेदीसाठी बस किती वेळा थांबते, परतीला कुठे सोडतात, पुरेशी माणसं जमली नाहीत तर सहल रद्द होते का, झाली तर पैसे कधी परत, हेही दोन मिनिटांत विचारून होतं. पावतीवर तारीख, बस सुटण्याची जागा आणि वेळ लिहून घ्या. नुसत्या व्हॉट्सअ‍ॅपवरच्या 'ओके सर' वर विसंबून सगळे पैसे आधी पाठवू नयेत. थोडी आगाऊ रक्कम आणि बाकीची बसमध्ये बसताना, हे बहुतेक सगळे मान्य करतात.

आदल्या रात्री

पिशवी जितकी लहान तितका दिवस सोपा. प्रत्येक ठिकाणी ती तपासणीच्या यंत्रातून जाणार आहे. पाण्याची बाटली, टोपी, ओळखपत्र, थोडी सुटी रोकड आणि चालता येईल अशी, पण पटकन काढता येईल अशी पादत्राणं. कमळ मंदिरात आणि जामा मशिदीत अनवाणी जावं लागतं आणि नाडीचे बूट प्रत्येक वेळी सोडत-बांधत बसणाऱ्यांच्या मागे सगळी बस ताटकळते. दगडी अंगण उन्हात तापतं, जाड मोजे असले तर पाय भाजत नाहीत. खांदे आणि गुडघे झाकणारे कपडे घाला, नाहीतर धार्मिक ठिकाणी दारातच अडवतात. सिगारेट, लायटर, चाकू, पेचकस यांपैकी काही पिशवीत राहिलं नाही ना, हे बघून ठेवा. भाकरी-ठेचा बांधून घेतलात तर बसमध्ये खा. स्मारकांच्या आवारात खाण्याचे पदार्थ नेऊ देत नाहीत.

आणि एक कागद. त्यावर बसचा नंबर, गाइडचा आणि सोबतच्या माणसांचे फोन लिहा. मोबाइल असताना कागद कशाला, असं वाटेल. पण अक्षरधामला मोबाइल आत नेता येत नाही, बिर्ला मंदिरातही तो बाहेर ठेवावा लागतो, आणि वाहनतळावर एकसारख्या पांढऱ्या बसगाड्यांची रांग लागलेली असते.

सकाळी

हॉटेलवरून घेऊन जाणारी बस दिलेल्या वेळेच्या अर्धा तास मागे-पुढे येते. ती आधी पहाडगंज, मग करोल बाग अशी माणसं गोळा करत फिरते, त्यामुळे पहिल्या थांब्यावर चढणाऱ्याचा तासभर नुसता खिडकीतून बघण्यात जातो. सुटण्याच्या मूळ जागी स्वतः मेट्रोने जाता येत असेल तर तसंच करा. जागा नंबरावर दिल्या असतील तर पुढच्या दाराजवळची डावी बाजू मागा. उतरताना पहिले उतरता आणि तिकिटाच्या रांगेत पुढे राहता.

बसलात की गाइडला एकच विचारा, पहिलं ठिकाण कोणतं. कुतुबमिनार असेल तर नशीब चांगलं. सकाळचं ऊन लाल दगडावर तिरपं पडतं, त्यावरची कोरीव अक्षरं उठून दिसतात आणि गर्दीही वाढलेली नसते.

कुतुबमिनार: इथे तासभर मागून घ्या

साडेबहात्तर मीटर उंचीचा हा मनोरा कुत्बुद्दीन ऐबकाने बाराव्या शतकाच्या अखेरीस सुरू केला, इल्तुतमिशने वर मजले चढवले आणि वीज पडून वरचा भाग ढासळल्यावर चौदाव्या शतकात फिरोजशाह तुघलकाने दुरुस्ती केली. खालचे तीन मजले तांबड्या दगडाचे आणि वरच्या दोनांत संगमरवर दिसतो, तो या डागडुजीचा पुरावा. मान वर करून एवढं तरी बघाच. आत ३७९ पायऱ्या आहेत, पण १९८१ च्या चेंगराचेंगरीनंतर वर जाणं बंद झालं. 'ऊपर ले चलता हूँ' म्हणणारा कुणी भेटलाच तर तो थापा मारतोय.

गाइड मनोऱ्यापाशी फोटोला वेळ देतो आणि पुढे निघतो. तुम्ही मनोऱ्याशेजारच्या मशिदीच्या अंगणात शिरा. इथले खांब पाडलेल्या हिंदू आणि जैन देवळांचे आहेत. घंटा-साखळ्यांची नक्षी, अर्धवट छिललेल्या मूर्ती जवळून स्पष्ट दिसतात. मधोमध लोहस्तंभ आहे. सात मीटरच्या आसपास उंची, सहा टनांहून जास्त वजन, गुप्तकाळातला, म्हणजे सोळाशे वर्षांचा, आणि गंज नाही. लोखंडात फॉस्फरसचं प्रमाण जास्त असल्यामुळे पृष्ठभागावर एक संरक्षक थर तयार झाला, असं त्याचं स्पष्टीकरण धातुशास्त्रज्ञ देतात. पूर्वी लोक पाठीमागून हात नेऊन त्याला मिठी मारायचे. आता कुंपण आहे, पण माणसाच्या कमरेच्या उंचीवर घासून गुळगुळीत झालेला पट्टा बाहेरूनही ओळखू येतो.

पलीकडे अलाउद्दीन खिलजीचा अलाई मिनार आहे. कुतुबाच्या दुप्पट उंच करायचा म्हणून सुरू केलेला आणि पहिल्याच मजल्यावर थांबलेला, नुसता खडबडीत दगडांचा ढीग. तिथवर बसमधले फारसे जात नाहीत. हिरवळीवर एक दगडी छत्री दिसेल, ती एके काळी मनोऱ्याच्या डोक्यावर होती. एकोणिसाव्या शतकात मेजर रॉबर्ट स्मिथने बसवली, शोभली नाही म्हणून १८४८ मध्ये उतरवली.

कमळ मंदिर

बहाई पंथाचं प्रार्थनागृह, १९८६ मध्ये खुलं झालं, संगमरवराने मढवलेल्या २७ पाकळ्या, प्रवेश मोफत. बाहेरून सुंदर आहे. आत शांत बसायचं, बाकी काही पाहायचं नाही. बोलायचं नाही, फोटो काढायचा नाही. स्वयंसेवक गटागटाने थांबवून सूचना देतात आणि मग सोडतात, त्यात रांग लांब असेल तर पाऊण तास जातो. बसने अर्धाच तास दिला असेल आणि रांग बागेच्या बाहेर दिसत असेल तर बागेतूनच बघा आणि परत या. माझ्या मते हा वेळ पुढच्या ठिकाणाला दिलेला बरा.

हुमायूँचा मकबरा

काही सहलींत हा असतो, काहींत नसतो. निवडायला वाव असेल तर ज्यात असेल ती सहल घ्या. १५६५ ते १५७२ या काळात हुमायूँच्या बेगमेच्या पुढाकाराने हा बांधला गेला. ताजमहालाच्या आधी ऐंशी-एक वर्षं. बाग चार चौकांत विभागलेली, मधोमध उंच चौथरा आणि त्यावर घुमट. ताज ज्यांनी पाहिलाय त्यांना इथे त्याचा कच्चा आराखडा दिसेल. चौथऱ्यावर जाणाऱ्या पायऱ्या उंच आणि अरुंद आहेत. गुडघेदुखी असलेल्यांनी खालीच थांबून बागेत बसावं, दृश्य तिथूनही पूर्ण दिसतं. शिरताना उजव्या हाताला ईसा खानाचा अष्टकोनी मकबरा लागतो, तो मुख्य इमारतीहून जुना, १५४७ चा. सप्टेंबर १८५७ मध्ये शेवटचा मोगल बादशहा बहादूरशाह जफर याने इथेच आसरा घेतला होता, आणि इथेच इंग्रजांनी त्याला पकडलं.

हजरत निजामुद्दीन स्टेशन इथून अगदी जवळ आहे. संध्याकाळची परतीची गाडी तिथून असेल आणि सहलीचा शेवट इकडे होत असेल, तर गाइडला सांगून इथेच उतरून घ्या. सामान मात्र सोबत असायला हवं.

जेवण आणि एम्पोरियम

दुपारी बस ठरलेल्या रेस्टॉरंटपाशीच थांबते. तिथल्या थाळीपेक्षा तिचा भाव मोठा. आजूबाजूला छोले-कुलचे किंवा राजमा-चावलचा ठेला हमखास असतो, तिथे गरम मिळतं आणि लवकर मिळतं. निघायची वेळ मात्र गाइडकडून नीट विचारून जा.

त्यानंतर, किंवा त्याच्या आधी, 'सरकारी एम्पोरियम' नावाचा थांबा येतो. कार्पेट कसं विणतात ते दाखवतात, चहा देतात, मग शाली आणि पश्मिना पुढे येतात. गाइड आणि ड्रायव्हर दोघांचं कमिशन या थांब्यावर ठरलेलं असतं, त्यामुळे तो टळणार नाही. बघायला पैसे पडत नाहीत; चहा घ्या, स्वच्छतागृह वापरा, बसा. खरंच काही घ्यायचं असेल तर बाबा खडकसिंग मार्गावर राज्यांची खरोखरची सरकारी एम्पोरियम ओळीने आहेत, भाव छापील असतात. सौदा करायची हौस असेल तर जनपथ आहेच.

राजपथाचा, म्हणजे आता कर्तव्य पथाचा फेरा

१२ डिसेंबर १९११ ला दिल्ली दरबारात राजधानी कोलकात्याहून इकडे हलवण्याची घोषणा झाली आणि लुटियन्स-बेकर या इंग्रज वास्तुकारांच्या जोडीने आखलेलं नवं शहर १९३१ मध्ये रीतसर सुरू झालं. ही सगळी आखणी बसमधूनच चांगली कळते: एका टोकाला टेकाडावर राष्ट्रपती भवन, दुसऱ्या टोकाला ४२ मीटर उंचीचं इंडिया गेट, मध्ये सरळ रस्ता. उतरवलं तर इंडिया गेटच्या मागे राष्ट्रीय युद्ध स्मारकाकडे चालत जा. २०१९ मध्ये ते झालं, ग्रॅनाइटच्या फरशांवर सैनिकांची नावं कोरलेली आहेत आणि पलटणींमध्ये आपल्या ओळखीची आडनावं शोधता शोधता वेळ कसा जातो कळत नाही. प्रवेश मोफत.

बस तालकटोरा स्टेडियमवरून गेली तर गाइड बहुधा काही बोलणार नाही. मार्च १७३७ मध्ये बाजीराव पेशवे अचानक दिल्लीच्या वेशीवर येऊन धडकले, तेव्हा मोगल सरदारांशी त्यांची गाठ याच परिसरात पडली. फेब्रुवारी २०२५ मध्ये ९८ वं अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन भरलं ते याच स्टेडियममध्ये.

लाल किल्ला

दिवसातलं सर्वांत मोठं ठिकाण आणि सहसा सर्वांत शेवटी, पाय थकल्यावर. लाहोरी दरवाज्यातून आत शिरलं की छत्ता चौकाचा झाकलेला बाजार लागतो. तिथे थांबू नका, परततानाही तोच रस्ता आहे. नक्कारखाना, मग दीवान-ए-आम, त्यामागे दीवान-ए-खास, असा सरळ क्रम आहे. शाहजहानने १६३८ मध्ये काम सुरू केलं, दहा वर्षांत पुरं झालं. १८५७ नंतर इंग्रजांनी आतल्या बहुतेक इमारती पाडून तिथे लष्करी बराकी उभ्या केल्या, म्हणून मधे मधे पिवळट, रुक्ष इमारती दिसतात. त्यातल्या एका बराकीत नेताजी आणि आझाद हिंद सेनेचं संग्रहालय आहे. या सेनेच्या अधिकाऱ्यांवरचा खटला १९४५ मध्ये याच किल्ल्यात उभा राहिला होता.

मराठी माणसाने दीवान-ए-खासपुढे जरा जास्त वेळ उभं राहावं. त्याचं छत पूर्वी चांदीने मढवलेलं होतं. १७६० मध्ये पानिपताच्या वाटेवर सदाशिवरावभाऊंनी दिल्ली घेतली, खजिना रिकामा होता, फौजेचा पगार थकला होता; भाऊंनी छताची चांदी काढून वितळवली आणि नाणी पाडली. आज तिथे रंगवलेलं लाकडी छत आहे. पुढे १७८८ मध्ये रोहिला सरदार गुलाम कादिरने बादशहा शाह आलमचे डोळे काढले ते याच किल्ल्यात, आणि त्याला हुसकावून किल्ला ताब्यात घेतला तो महादजी शिंद्यांच्या फौजेने. १८०३ मध्ये इंग्रज सेनापती लेकने शिंद्यांच्या फौजेला पटपडगंजला हरवीपर्यंत दिल्लीचा बंदोबस्त मराठ्यांकडे होता. गाइड शाहजहानवर दहा मिनिटं बोलतो आणि थेट १५ ऑगस्टवर येतो. मधली ही पन्नास वर्षं त्याला विचारा, कधी कधी चांगली खुलून उत्तरं मिळतात.

चांदनी चौक समोरच आहे, पण मुख्य रस्ता दिवसा मोटारींना बंद असतो. पाहायचा तर पायी किंवा सायकल रिक्षाने. बस फार तर वीस मिनिटं देईल. तेवढ्यात गल्ल्यांत शिरू नका, खिसा पुढे ठेवा आणि जिलबी खाऊन परत या.

अक्षरधाम याच दिवशी कोंबू नका

२००५ मध्ये खुलं झालेलं हे मंदिर प्रशस्त आहे आणि त्याला निदान तीन तास हवेत. मोबाइल, कॅमेरा, पिशवी सगळं क्लोक रूममध्ये जमा, त्याचीच मोठी रांग. प्रदर्शनं आणि संध्याकाळचा पाण्याचा शो यांची तिकिटं वेगळी. सहलीत ते शेवटचं ठिकाण असेल तर बस तिथे सोडून निघून जाते आणि परत स्वतःचं स्वतः यावं लागतं. अक्षरधाम नावाचं मेट्रो स्टेशन अगदी जवळ आहे, त्यामुळे अडचण नाही. फक्त ही गोष्ट सकाळीच माहीत असावी.

चुकामूक झाली तर

ठरलेल्या वेळेला बस सुटते. एका माणसासाठी गाइड दहा मिनिटं थांबतो, विसाव्या मिनिटाला निघतो. मागे राहिलात तर घाबरून टॅक्सीमागे धावू नका. गाइडला फोन करून पुढचं ठिकाण विचारा आणि मेट्रोने तिथे पोचा. कुतुबमिनार आणि लाल किल्ला या दोन्ही नावांची मेट्रो स्टेशनं आहेत. घरच्यांमध्येही आधीच ठरवून ठेवा: हरवलो तर तिकीट खिडकीपाशी उभं राहायचं, कुणी कुणाला शोधत आत जायचं नाही.

संध्याकाळी बस कॅनॉट प्लेसच्या आसपास सोडते. गाइडला टीप द्यायची की नाही हे तुमच्यावर. दिवसभर सोबत चालून बोलला असेल तर द्यावी, दाराशी सोडून बसमध्ये झोपला असेल तर नाही. कॅनॉट प्लेसपासून कस्तुरबा गांधी मार्गावरचं नवं महाराष्ट्र सदन चालत जाण्याच्या अंतरावर आहे. दिवसभर छोले आणि पनीर झालं असेल तर जेवणासाठी तिकडे वळा, पण बाहेरच्यांना त्या वेळी जेवण मिळतंय का, हे आधी फोनवर विचारून घ्या.